पाच चिंचा आणि एक खुर्ची

प्रांत कार्यालयातल्या भूसंपादनाच्या सुनावण्या मी तीस वर्षं लिहितोय. साहेब बदलतात, उत्तरं तीच असतात. मध्यंतरी द्वारकाबाई तिडके यांची पाच चिंचेची झाडं वळणरस्त्यात गेली. त्या चिंचेवरच बाईंचं वर्षभराचं घर चालायचं. साहेबांनी मोबदला धरला तो सरपणाच्या भावानं.

“चिंच म्हणजे शेवटी लाकूडच, आजी. वजनावरच भाव लागणार.”

चौथ्या खेपेला आलेल्या बाई दमून भिंतीला टेकल्या होत्या. त्यांनी साहेबांच्या सागवानी खुर्चीकडे बोट दाखवलं. “मग ही मला द्या. सरपणाच्या भावानं घेते.”

लोक हसले. साहेब भडकले. “खुर्चीची किंमत लाकडावर नसते, आजी! तिच्यावर बसून वर्षानुवर्षं जे काम होतं, त्यावर असते!”

“हां. आता मोबदल्याच्या यादीत माझ्या चिंचेपुढं हेच लिहा.”

मी ते वाक्य आधीच उतरवलं होतं, कारण साहेब बोलतील तो शब्द लिहायचा, असा साहेबांचाच हुकूम होता. बाईंना मोबदला चिंचेच्या उत्पन्नावर मिळाला.

शेजारच्या तालुक्यात मात्र अजून सरपणाचाच भाव चालू आहे. तिथल्या साहेबांची खुर्ची प्लास्टिकची आहे.