तूदाची काठवट

एकाच बाईच्या अंगावर प्यायलेली दोन मुलं, एक तिचं आणि एक परक्याचं, मोठेपणी एकमेकांची कोण लागतात, सांगा बरं? दूधभावंडं, असंच म्हणाल ना? मग एका अख्ख्या जमातीची दूधआई एकच असेल तर?

आफ्रिकेच्या उत्तरेला ॲटलस पर्वत आहे. तिथल्या अमाझिग मेंढपाळांना बाहेरचे लोक बर्बर म्हणतात. बकरीच्या केसांचे काळे तंबू पाठीवर घेऊन ते मेंढरांमागे फिरायचे आणि उन्हाळ्यात उंचावरच्या कुरणात चढायचे. पण गवताचं बी जमिनीवर पडेपर्यंत कुरणात जनावर घालायचं नाही, असा नियम होता. वडीलधारे दिवस ठरवायचे, मगच कुरण उघडायचं.

फार वर्षांपूर्वी, एका कोरड्या साली, आयत उदाद जमातीच्या लोकांना धीर निघाला नाही. मेंढरं मरायला लागली होती. त्यांनी ती बंद कुरणात घातली. त्याच कुरणाचे वाटेकरी असलेल्या आयत इझेम जमातीच्या लोकांनी ती हुसकावून लावली. कुत्री मेली, माणसांची डोकी फुटली आणि उद्या उजाडताच लढायचं असं दोन्हीकडून ठरलं.

तूदा ही आयत इझेमची. तिचं शेंडेफळ अजून अंगावर पीत होतं आणि थोरली मुलगी इत्तो लग्नाची झाली होती. इत्तोचं लग्न आयत उदादच्या हद्दूशी ठरलं होतं. कुरण उघडलं की मांडव पडायचा होता.

त्या दुपारी तूदानं मोठ्या लाकडी काठवटीत कुसकुस, म्हणजे रव्याच्या बारीक कण्या, वाफवून घेतल्या आणि त्यांवर ती आपलं दूध पिळू लागली. त्या लोकांत जुनी चाल होती. ज्यांच्या पोटात एखाद्या बाईचं दूध गेलं, ते तिच्या साऱ्या जमातीचे भाऊबहीण झाले. त्यांनी एकमेकांवर हत्यार उगारायचं नाही आणि एकमेकांशी लग्नही करायचं नाही.

इत्तोनं ते पाहिलं.

"आई, हद्दूनं हे खाल्लं तर तो माझा भाऊ होईल."

"होईल," तूदा म्हणाली. "नाहीतर उद्या त्याला पुरतील."

मग इत्तोनंच काठवट डोक्यावर घेतली आणि मायलेकी पलीकडच्या तंबूंकडे चालत गेल्या. तूदानं कुसकुसवर कसलं दूध आहे ते लपवलं नाही. आयत उदादचा म्हातारा बास्सू हसला.

"बाई, आमच्या साऱ्या शेळ्या मिळून एवढं दूध देत नाहीत. तू एकटी किती जणांना पुरणार?"

"बसा तर खरं, काका," तूदा म्हणाली.

दारी आलेलं अन्न त्या लोकांत कुणी परत पाठवत नाही. बास्सूनं पहिला घास घेतला. मग एकेक जण बसत गेला. काठवटीत कितीही हात पडले तरी तळ दिसेना, असं म्हणतात. काही सांगतात की त्या वेळी दोन्हीकडची मेंढरं ओरडायची थांबली होती.

हद्दू मात्र लांब उभा राहिला. एकानं नाही खाल्लं तर काय बिघडतं, असं कुणीतरी पुटपुटलं. पण एक माणूस बाहेर राहिला तर वैर त्याच्याबरोबर शिल्लक राहतं, हे सगळ्यांना ठाऊक होतं. इत्तोनं काठवट उचलली आणि त्याच्यापुढे धरली. त्यानं तिच्याकडे पाहिलं, मग खाली पाहिलं आणि घास घेतला.

तेव्हापासून या दोन जमातींत सोयरीक होत नाही. कुरण उघडतं त्या दिवशी पहिली धार तूदाच्या नावानं दगडावर सोडतात आणि अरुंद खिंडीत दोन्हीकडचे कळप समोरासमोर आले, तर आधी मागे कुणी सरायचं यावर आग्रह चालतो. इत्तोचं पुढे कुठे लग्न झालं, झालं की नाही, ते कुणी सांगत नाही.

त्या जेवणाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी वडीलधाऱ्यांनी दोन्ही जमातींसाठी कुरण उघडलं. हद्दू मेंढरं घेऊन तूदाच्या तंबूवरून निघाला. इत्तो बाहेर ताक करत होती. त्यानं तिला ताई म्हणून हाक मारली आणि थोडं ताक मागितलं. तिनं ते दिलं.