आधी कुत्रा बांधा

आमच्या वाचनालयाच्या जुन्या कॉम्प्युटरमधल्या सॉफ्टवेअरचा परवाना संपला. तीन हजार सभासदांची माहिती त्यातच. अध्यक्ष दौलतराव ऐटीत पेनड्राइव्ह घेऊन आले. “पुतण्यानं दिलाय, यात तेच सॉफ्टवेअर आहे, बिनपरवान्याचं. लावा, सगळं फुकटात चालू!”

ग्रंथपाल पेडणेकरबाईंनी सोबतची चिठ्ठी वाचली: ‘आधी अँटीव्हायरस बंद करा.’

“मग करा की! अध्यक्ष मी आहे.”

“साहेब, अनोळखी माणूस बंगल्यावर येऊन म्हणाला, ‘नळ फुकटात दुरुस्त करतो, फक्त आधी कुत्रा बांधा,’ तर?”

“तर? त्याच्यावर कुत्राच सोडीन!”

बाईंनी चिठ्ठी परत केली. “वाचनालयाचा कुत्रा म्हणजे हा अँटीव्हायरस. मी तो मोकळाच ठेवलाय.”

दौलतरावांनी पेनड्राइव्ह खिशात घातला. मग हळूच म्हणाले, “बाई, घरच्या कॉम्प्युटरचा कुत्रा मात्र मी कालच बांधला हो!”