उघड्या कढईतला घेवडा

फार फार मागे, नदीच्या अल्याड एक राजा होता आणि पल्याड दुसरा. तीन पिढ्या त्यांच्या राज्यांत नदीच्या पाण्यावरून वैर चालत आलं होतं. अखेर एके दिवशी पल्याडचा राजा तहाच्या बोलणीसाठी अल्याडच्या तळावर जेवायला येणार असं ठरलं. तळावर नुसती धांदल उडाली.

मुख्य आचारी होता रंभाजी. त्याच्या बत्तीस मसाल्यांच्या रश्श्याची कीर्ती दूरवर होती. पण त्याच सकाळी मसाल्यांची गाडी उतारावर कलंडली आणि सगळी पोती नदीत गेली. पाहुणे यायला दोनच घटका उरल्या होत्या. रंभाजी रिकामी कढई घेऊन बसून राहिला.

तेवढ्यात शेजारच्या मळ्यातली भागाई टोपली घेऊन आली.

"आचारीबुवा, पहाटे तोडलेला घेवडा आहे. ओल्या लसणाची पात आहे, कोथिंबीर आहे. चूल पेटवा."

"बाई, राजाच्या पानात नुसता घेवडा वाढू?"

"इतका कोवळा आहे. मसाल्याखाली लपवायचा कशाला?"

मग काय विचारता! दहा हात शेंगांच्या शिरा काढायला बसले. तेल तापलं, डब्यात उरलेलं चिमूटभर जिरं तडतडलं, हिरवी मिरची पडली आणि मागोमाग घेवडा. रंभाजी सवयीने झाकण ठेवू लागला, तसा भागाईने त्याचा हात धरला.

"उघडाच शिजू द्या, हिरवा राहील. पाण्याचा हबका तेवढा मारा."

पात आणि कोथिंबीर शेवटी पडली. वासाने पहारेकरीसुद्धा चुलीभोवती जमले.

पंगत बसली. पल्याडच्या राजाने शेल्यातून स्वतःच्या घरची भाकरी काढली.

"माझ्या आजोबांना इथेच रश्श्यातून विष दिलं होतं," तो म्हणाला. "इथलं काही खायचं नाही, असं ठरवूनच आलो होतो." मग त्याने पानातल्या हिरव्यागार भाजीकडे नीट पाहिलं. "पण यात काय काय आहे, ते सगळं मला दिसतंय."

त्याने घास घेतला. मग दुसरा. मग पुन्हा भाजी मागितली.

अल्याडचा राजा उठला आणि त्याच्याशेजारी येऊन बसला. "तुमच्या भाकरीतली चतकोर मला द्याल?"

दोघे एका पानात जेवले. संध्याकाळपर्यंत तह झाला आणि नदीचं पाणी दोन्ही काठांना मोकळं झालं.

तात्पर्य: जिथे काही लपवलेलं नसतं, तिथे विश्वास बसायला वेळ लागत नाही.