डावा कान

शुद्धलेखनाच्या चुका पोटात घाला. लिहिणाऱ्याची शाळा आठवीतच सुटली, त्यामुळे शब्दही साधेच आहेत.

“चारशे बारा व्हिडिओ... आणि त्यात दिसलं काय तुला?” दगडूमियांनी विचारलं.

मच्छिंद्र त्या म्हाताऱ्या जादूगाराच्या उंबऱ्याबाहेरच उभा होता. तीन वर्षं जत्रा नि बाजार पालथे घालून त्याने रस्त्यावरच्या जादूगारांचे खेळ मोबाइलवर टिपले होते. सगळी मेमरी कार्डं एका तंबाखूच्या डबीत. आता त्याला तीन वाट्या आणि लोकरीच्या गोळीचा खेळ शिकायचा होता, आणि तो साऱ्या तालुक्यात एकट्या दगडूमियांच्या हातात उरला होता.

“डावा कान,” तो खाली बघत म्हणाला.

“काय?”

“तिसरी वाटी उचलायच्या आधी तुम्ही डाव्या कानामागे खाजवता. तुमचे मिरजेचे गुरुबंधूही खाजवतात. त्यांचा मुलगाही. हळू करून शंभरदा पाहिलं. गोळी तिथंच बदलते, चाचा.”

दगडूमिया हसले. हसता हसता ठसका लागला.

“आमच्या उस्तादांना तिथं नायटा होता रे.”

मच्छिंद्रच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

“तीन वर्षं नायटा जमवलास. ती डबी चुलीत घाल. मग वाट्या हातात देतो.”

मच्छिंद्र म्हणजे पंगतीत दुसऱ्यांदा भाजी मागायलाही लाजणारा. त्याने डबी मुठीत आवळली.

“नाही घालणार.”

“मग वाट्या विसर.”

“विसरलो.”

“कशापायी? नायट्यापायी?”

“उस्तादांचा एखादा फोटो आहे तुमच्याकडे?”

“नाही. काढू देत नसत.”

“आवाज?”

“...नाही.”

“वाटी उचलताना ते बघायचे कुणाकडे? हसायचे कसे? कुणाला दाखवाल?”

दगडूमियांचा हात आपसूक वर गेला आणि डाव्या कानामागे जाऊन थांबला.

“चाचा,” मच्छिंद्र म्हणाला, “हे चुलीत घालू?”

म्हाताऱ्याने पाठ फिरवली. मच्छिंद्र डबी खिशात टाकून निघाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी गावचा बाजार होता. मच्छिंद्र दगडूमियांच्या नेहमीच्या जागेसमोर गेला, कुणाला न विचारता त्याने विटेला टेकवून मोबाइल उभा केला आणि चालू केला.

दगडूमिया चादर अंथरत होते. त्यांनी आधी मोबाइलकडे पाहिलं, मग त्याच्याकडे. या खेपेला त्याने नजर खाली घातली नाही.

त्यांनी तीन वाट्या पालथ्या मांडल्या. स्वतः बाजूला सरकले. रिकाम्या जागेवर हात थोपटला.

“बस इथं,” ते म्हणाले. “आणि कान विसरू नको.”