गच्चीवरून चंद्र

“पण मास्तर, एकदा तरी यायचं होतंत! मी काय परका होतो?”

विद्याधर बिवलकर तक्रार करत होता. देशोदेशी टोलेजंग इमारती उभ्या केलेला, साठी ओलांडलेला माणूस; पण शाळेतल्या चित्रकलेच्या मास्तरांपुढे आला की रुसलेलं पोरच.

दाऊद मास्तर गच्चीवर खुर्ची टाकून मावळतीकडे तोंड करून बसले होते. रमजानचा एकोणतिसावा रोजा नुकताच सोडला होता. आज चंद्र दिसला तर उद्या ईद, नाहीतर आणखी एक रोजा.

त्यांनी विद्याधरच्या हातावर खजूर ठेवला.

“बोल. ऐकतोय.”

“माझ्या इमारती शहराचं ऐकतात, मास्तर. लोक उगीच नावाजत नाहीत. ही समोरचीच बघा. वाऱ्याला वाट ठेवली, उन्हाप्रमाणे काचा मिटतात, कुणाच्या दारात किती सावली पडेल ते बाराही महिन्यांचं तपासलं. तुमचा मोहल्ला म्हणून जीव ओतला! आणि तुम्ही साधं बघायला येत नाही... एकदा शाब्बास म्हणाला असतात, तर काय बिघडलं असतं?”

त्या एका शब्दासाठी तो आयुष्यभर झुरला होता. आता या वयात लपवायचं तरी काय?

मास्तरांनी मावळतीकडे बोट केलं.

“चष्मा बदलला तरी मला दिसत नाही,” ते म्हणाले. “तुझी नजर चांगली. चंद्र दिसतो का बघ बरं.”

विद्याधरला हसू आलं. लहानपणी हे त्याचंच काम. सगळा मोहल्ला माना उंचावून इथं उभा असायचा आणि नखाएवढी कोर आधी त्यालाच दिसायची. मास्तरांचा दंडक एकच होता. स्वतःला दिसला तरच बोलायचं. दुसरा म्हणतो म्हणून नाही.

तो कठड्याशी गेला. मान डावीकडे केली, उजवीकडे केली, टाचाही उंचावल्या...

“दिसतो?”

“थांबा हं.”

मावळतीला त्याची इमारत उभी होती. कडांना तांबूस उजेड. आभाळ तिच्या पलीकडे होतं.

ऊन तपासलं, वारा तपासला. आणि चंद्र? अरे देवा, चंद्र कसा राहिला? जिथं बघायला शिकलो, त्याच गच्चीवरून!

“बाकीचे कुठं गेले, मास्तर?”

“समुद्रावर जातात आता. माझे गुडघे नाही नेत.”

“मग मला सांगायचं तरी...”

“नकाशा काढण्याआधी येशील, असं वाटलं होतं.”

खाली एकदम गलका उठला. मशिदीच्या भोंग्यावरून कुणी काही सांगितलं, फटाके वाजले, पोरं ओरडत धावली. चंद्र दिसला होता, दुसरीकडे कुठंतरी.

विद्याधर खुर्चीशी खालीच बसला. शाब्बासकी मागायला आलो होतो, याची त्याला लाज वाटली. डोळे भरून आले. काहीतरी बोलायला तर हवं.

“मास्तर... चाँद मुबारक.”

मास्तरांनी त्याच्या पांढऱ्या केसांवरून हात फिरवला.

“तुला दिसला?”

“नाही...”

“मग तू नको सांगूस.”