साळुंकीचा एकविसावा दिवस

फार पूर्वी एका देशात दोन सूर्य उगवत, आणि दोघांची पंचांगंही वेगळी. तिथे एक साळुंकी अंडी उबवत बसली होती. एकविसाव्या दिवशी पिल्लं निघतात, एवढंच तिला ठाऊक.

"थोरल्या सूर्याच्या पंचांगाने आज पंचविसावा दिवस. अंडी नासली, ऊठ!" कावळा म्हणाला.

"छे गं, धाकट्याच्या पंचांगाने आज सतरावाच. बसून राहा," खारीने सांगितलं.

साळुंकी पार गोंधळली. उठावं तर पिल्लांचा जीव जाईल, बसावं तर नासक्या अंड्यांपायी उपाशी मरायचं. शेवटी तिने अंड्याला कान लावला. आतून बारीक टकटक ऐकू आली.

"मग आज कितवा दिवस धरायचा?" दोघं भांडू लागली.

"तुम्ही ठरवा," साळुंकी म्हणाली, "मला अळ्या शोधायच्यात."