विजयतोरणाचे दगड

पूर्वी वेत्रकोट नगरात राजा जयकेतू राज्य करीत असताना बोधिसत्त्व एका पाथरवटाच्या कुळात जन्माला आला आणि पुढे राजाचा स्थपती झाला. नगरातले सगळे बांधकाम त्याच्या हाताखाली चाले. त्या जन्मी त्याचे नाव सोमिल होते.

वेत्रकोटाचे साम्राज्य एके काळी एकवीस देशांवर पसरलेले होते. जयकेतूच्या पणजोबाने ते जिंकले, आजोबाने सांभाळले, वडिलांनी त्याचे उत्सव केले. जयकेतूच्या वाट्याला आले तेव्हा ते संपत आले होते. मोठी लढाई अशी कोणी हरले नव्हते. आधी समुद्राकाठच्या तीन देशांकडून भेटी यायच्या थांबल्या. कारण विचारायला गेलेला दूत तिकडेच लग्न करून राहिला. मग व्यापाऱ्यांच्या तांड्यांनी उत्तरेची वाट धरली. मग डोंगराकडचे ठाणेदार स्वतःला राजे म्हणवू लागले, आणि दगडाच्या खाणी त्यांच्याकडे गेल्या. शेवटी नगर, नगराबाहेरचा थोरला तलाव आणि त्या तलावाखालची चाळीस गावे एवढेच उरले.

तरी रोज सकाळी प्रतिहारी विजयतोरणाखाली उभा राहून एकवीस देशांची नावे पुकारीत असे. पूर्वी प्रत्येक नावाला त्या देशाचा माणूस "उपस्थित" म्हणून उत्तर देई. आता तशी माणसे उरली नव्हती, म्हणून पहाऱ्यावरचे चार शिपाई आळीपाळीने ओ देत. एकेकाच्या वाट्याला पाच-सहा देश येत. भाजी घेऊन येणाऱ्या बायका त्यांना विचारीत, आज कुठले राजे तुम्ही? राजाला हे माहीत होते. तो सज्जात बसून सगळी नावे ऐके आणि एकविसावे झाले की आत जाई.

ते तोरण काळ्या दगडाचे होते आणि फार उंच होते. त्याच्या वरच्या पट्टीवर एकवीस देशांचे राजे भेटी घेऊन येत असल्याची मिरवणूक कोरलेली होती. ती सोमिलच्या एकुलत्या मुलाने, नंदिलने, कोरली होती. साम्राज्य उतरणीला लागल्यावर जयकेतूला ते तोरण सजवावेसे वाटले, आणि नंदिल सात वर्षे परांचीवर बसून काम करीत राहिला. काम संपले त्या हिवाळ्यात त्याला ताप आला. अकराव्या दिवशी तो गेला. तेव्हा तो सत्तावीस वर्षांचा होता.

त्यानंतर सोमिल रोज सकाळी तोरणापाशी जाई, मान वर करून थोडा वेळ पाही आणि कामाला लागे. त्याची पत्नी वसुला मात्र त्या तोरणाखालून कधीच गेली नाही. नदीवर जायचे असले तरी ती दक्षिणेच्या लहान दाराने वळसा घालून जाई.

अशी चार वर्षे गेली. एका फाल्गुनात तलावाखालच्या गावांचा ग्रामणी रोहक सोमिलकडे आला. त्याने पाणी मागितले, प्यायला, आणि बराच वेळ दुसऱ्याच गोष्टी बोलला. मग म्हणाला, "आचार्य, आमच्या म्हशी तलावात जाईनाशा झाल्यात. बांधाच्या मागच्या अंगाला, कोरड्या बाजूला, चिखलात लोळतात."

सोमिल उठला आणि त्याच्याबरोबर गेला.

तो बांध जयकेतूच्या पणजोबाने घातलेला. आत चिकणमाती, आणि पाण्याच्या बाजूला एकमेकांत गुंतवलेल्या लांब दगडांची भिंत. आधीच्या पावसाळ्यात लाटांनी त्या भिंतीच्या ऐंशी हात लांब भागातले दगड ओढून नेले होते. मातीत पाणी शिरले होते. सोमिलने मागच्या बाजूला काठी खुपसली, ती हातभर आत गेली. त्याने ती बाहेर काढली आणि धुतली.

आषाढात तलाव भरला की बांध फुटणार होता, आणि खालच्या चाळीस गावांत कोणी राहणार नव्हते. भिंत पुन्हा उभी करायला चार-चार हात लांबीचे तीनशे दगड हवे होते. राजवाडा विटांचा आणि सागाचा होता. देवळेही विटांचीच. एवढे लांब आणि एवढे कठीण दगड नगरात एकाच ठिकाणी होते, हे सोमिलला बांधावर उभे असतानाच कळले. तरी त्याने आधी डोंगरच्या ठाणेदारांकडे माणूस पाठवला. त्यांचे उत्तर आले की, तुमच्या एकवीस देशांत दगड मिळत नाहीत काय.

तेव्हा तो राजाकडे गेला.

राजाने सगळे ऐकून घेतले. तो वाईट माणूस नव्हता. त्याने तोरण सोडून बाकी सगळे देऊ केले. राजवाड्याचे साग घे म्हणाला, माझ्या निजायच्या खोलीचे वासे घे म्हणाला. सोमिलने सांगितले की पाण्यात लाकूड चारच वर्षे टिकते.

राजा म्हणाला, "सोमिला, या नगराला साम्राज्य म्हणावं असं दुसरं काय राहिलंय? ते तोरण पाडलं तर उद्या सकाळी प्रतिहारी कुठं उभा राहील?"

 मग त्याने नजर दुसरीकडे ठेवून म्हटले की, वरच्या पट्टीवर कोणाचे काम आहे ते तू विसरलेला नाहीस. पहिला दगड तू स्वतः, त्याच पट्टीचा, आपल्या हाताने काढणार असशील तर माझी परवानगी आहे. भरसभेत सांगतो.

हा माणूस हे करणार नाही, अशी राजाची खात्री होती. त्याचे स्वतःचे दोन मुलगे उत्तरेकडे निघून गेले होते आणि त्यांच्या खोल्या तो रोज झाडून घेत असे. म्हणून त्याला तसे वाटले.

 सोमिल म्हणाला, "मीच काढीन, महाराज. ते सांधे दुसऱ्या कोणाला ठाऊक नाहीत."

घरी येऊन त्याने वसुलाला सांगितले. ती तांदूळ निवडत होती. तिचे हात थांबले नाहीत.

"मी त्याच्याखालून कधी गेले नाही," ती म्हणाली, "म्हणून तुम्हाला वाटलं, मला ते नकोय."

तिने तांदळातला एक खडा वेचून बाजूला टाकला.

"ते तिथं आहे, एवढंच मला पुरत होतं. मी तिकडं न बघता चालू शकत होते, कारण ते तिथं होतं."

 तांदूळ निवडून झाल्यावर वसुलाने विचारले की बांधाखाली किती घरे आहेत. त्याने सांगितले. तिने विचारले, उद्या कधी. सूर्य उगवल्यावर, तो म्हणाला. मी येते, ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी नावे पुकारायच्या वेळी सगळे नगर तोरणापाशी जमले होते. सोमिल परांचीवर चढला. दगड शिशात बसवलेल्या लोखंडी पट्ट्यांनी जोडलेले होते. त्याने पहिली पट्टी छिनीने सोडवली, दुसरी सोडवली, आणि दोर लावून पहिला दगड खाली सोडला.  प्रतिहारी तोंड उघडून उभा राहिला आणि त्या दिवशी त्याने एकही नाव पुकारले नाही. सज्जातला राजा आत गेला.

दगड जमिनीवर आले तेव्हा लोकांना पहिल्यांदाच त्यांवरचे चेहरे जवळून दिसले. ते दूरदेशीचे राजे नव्हते. मोत्यांचे ताट घेऊन आलेला समुद्राधिपती म्हणजे घाटावरचा नावाडी होता. घोडे आणणारा राजा दही विकणाऱ्या मल्लकासारखा दिसत होता, आणि त्याच्या बाराबंदीचा एक बंद सुटलेला होता, जसा मल्लकाचा नेहमी असे. मल्लक स्वतः तिथे होता. तो आपल्याच तोंडाकडे पाहत राहिला आणि म्हणाला, एवढी वर्षं राजा होतो, कोणी सांगितलं नाही. लोक हसले. मग वसुलाकडे पाहून गप्प झाले.

नवव्या दगडावर हातात दिवा घेतलेली एक राणी होती. वसुला तिच्यापुढे बसली. तिने दगडावरची धूळ पदराने पुसली, आणि पुष्कळ वेळाने म्हणाली, "कपाळ माझं आहे. नाक तुमच्या आईचं घातलंय."

"मी त्याला म्हटलं होतं, नाक चुकलंय," सोमिल म्हणाला.

"मग?"

"म्हणाला, आईला सांगू नका."

वसुला हसली, आणि त्या हसण्यातच तिला रडू आले. चार वर्षांत ती पहिल्यांदा लोकांसमोर रडली.

दगड गाड्यांवरून बांधाकडे जाऊ लागले. तिथे पाथरवट अडून बसले. त्यांनी आपसात ठरवले होते की कोरलेली बाजू पाण्याकडे ठेवायची, म्हणजे येणाऱ्या-जाणाऱ्याला मिरवणूक दिसेल. सोमिलने सांगितले की तसे चालणार नाही. बाहेरची बाजू गुळगुळीत हवी. उंचवट्यांत लाट अडकते आणि दगड ओढते. उलट, कोरलेली बाजू आत गेली तर माती तिच्या खाचांत बसेल आणि दगडाला धरून ठेवील. म्हातारा पाथरवट म्हणाला की, मग ते कोणालाच दिसणार नाही. सोमिल म्हणाला, नाही दिसणार.

आणि त्याने पहिला दगड स्वतः फिरवून ठेवला. घोडे आणि मल्लक मातीकडे तोंड करून बसले.

दोन महिने काम चालले. सोमिलने एवढे सगळे केले, पण नववा दगड त्याने एका चिंचेखाली बाजूला ठेवला होता. त्यावर गवत टाकले होते. त्याबद्दल तो बोलला नाही आणि त्याला कोणी विचारले नाही. शेवटचा थर आला तेव्हा एक दगड कमी पडला. सगळ्यांनी शोधण्याचे नाटक केले. रोहक म्हणाला, "आचार्य, तिथं सागाचा ओंडका बसवू. आमची काही तक्रार नाही. चार वर्षांनी बघू."

आकाश दक्षिणेकडून भरून आले होते. सोमिल चिंचेखाली जाऊन उभा राहिला. त्याला वाटले की एवढा एक दगड माणसाने ठेवला तर काय होते. हे जग एवढे मोठे आहे, त्यात एक दगड मावत नाही काय. असे त्याला पुष्कळ वेळ वाटले. त्या वेळात कोणी जवळ गेले नाही. मग त्याने गवत बाजूला केले आणि गाडीवानाला हाक मारली.

दगड बसवण्याआधी त्याने आत ओली माती स्वतःच्या हाताने थापली, आणि चेहऱ्याच्या जागी ती जरा अधिक मऊ केली. बांधाच्या दृष्टीने त्याची गरज नव्हती. नंतर घरी जाऊन त्याने वसुलाला एवढेच सांगितले की, सगळे दगड बसले. ती म्हणाली, बरं.

त्या आषाढात तलाव काठोकाठ भरला आणि बांध हलला नाही. भाताची लावणी झाली. श्रावणात राजा पालखीतून बांधावर आला. भोई चारच होते, म्हणून तो मध्येच उतरून चालत आला. सोमिल तिथे बसला होता. राजा त्याच्याशेजारी बसला. दोघेही आता म्हातारे दिसत होते.

पाण्याकडे पाहत राजा म्हणाला की, पणजोबांचे नाव इथे कुठेतरी असेल. सोमिलने सांगितले की बांधाच्या दगडांवर त्यांनी नाव घातलेच नव्हते. राजाने मान हलवली.

"तुला वाईट वाटतं का?" त्याने विचारले.

"रोज वाटतं, महाराज."

 जाताना तो म्हणाला की, सकाळी नावे ऐकू येत नाहीत त्यामुळे त्याला जाग उशिरा येते.

सहा वर्षांनी जयकेतू वारला. त्याचे मुलगे आले नाहीत. सैनिक गेले, मग सोनार आणि विणकर गेले, आणि शेवटी गावांकडे ज्यांचे नातलग होते ते तिकडे राहायला गेले. राजवाड्याचे साग वाळवीने खाल्ले आणि विटा पावसात विरल्या. डोंगरचे ठाणेदार विजयतोरण पाडायला म्हणून सैन्य घेऊन आले, तेव्हा त्यांना दोन ओबडधोबड जोती मिळाली. त्यांनी ते आपणच पाडले असे पुढे सांगितले, आणि लोकांना ते खरे वाटले. जोत्यांवर बोरी उगवल्या. वाटसरू तिथे सावलीला बसून म्हणत की, इथे केवढे साम्राज्य होते आणि बघा, त्यातले काहीच उरले नाही. असे म्हणून ते खालच्या गावात जात, तिथल्या पाटाचे पाणी पीत आणि तिथला भात खात.

सोमिल आणि वसुला त्याआधीच, एकाच वर्षात, गेले होते. आपल्या कर्मानुसार ते पुढच्या गतीला गेले.

ही कथा भगवान शास्त्यांनी विहारातल्या सभेत एका कुंभारणीसाठी सांगितली. तिची मुलगी महिन्यापूर्वी वारली होती आणि ती रोज येऊन सभेच्या शेवटी बसे, पण बोलत नसे. कथा संपल्यावर त्यांनी तेव्हाची माणसे ओळखून दिली. राजा जयकेतू म्हणजे आज संघात असलेला वृद्ध भिक्षू पुंडरीक. ग्रामणी रोहक म्हणजे विहाराला फुले आणणारा माळी. वसुला म्हणजे, त्यांनी कुंभारणीकडे पाहून सांगितले, तूच होतीस. आणि स्थपती सोमिल तो मी होतो. जे जवळ ठेवावेसे वाटत होते तेच तेव्हा दिले, म्हणून ही दानाची पूर्णता, दानपारमिता.

नंदिल कोण होता, ते शास्त्यांनी सांगितले नाही. सगळे उठून गेल्यावरही कुंभारीण बसून राहिली, आणि शास्तेही बसून राहिले.